हळदीकुंकवाला न आलेल्या बायका

तुम्ही समाजकार्य करत असाल, देणगी देत असाल, निदान अशा कामाबद्दल वाचून तुमचे डोळे भरून येत असतील. मग मला एक सांगा. तुमच्या चांगल्या कामातून कुणाचं वाईट झालं, तर ते तुम्हाला येऊन कोण सांगतं?

या संक्रांतीनंतर मी नांदेड आणि लातूरला जाऊन आले. जाईपर्यंत हा प्रश्न माझ्या डोक्यात कधी आला नव्हता. मी कराडची. वडिलांचा छोटा छापखाना होता आणि मी अक्षरं शिकले ती मोर्च्यांच्या पत्रकांवरून. पत्रकात शंका नसते, उद्गारचिन्ह असतं. मीही तसंच लिहायला लागले. दारूबंदीच्या चळवळीसाठी लिहिलेली माझी पत्रकं कुणीतरी नांदेडच्या शोभाताईंना वाचायला दिली आणि त्यांचा फोन आला: "ये पोरी. आमच्या पुडीवर एक पुस्तिका लिहायची हाय. तुझी भाषा आग हाय. मला आगच पाहिजे."

पुडी म्हणजे काय, ते आधी सांगते. दारू सोडवण्यासाठी डॉक्टर एक गोळी देतात. ती अंगात असताना माणूस प्यायला, की चेहरा लालभडक होतो, छाती धडधडते, उलट्या होतात. त्या भीतीनं माणूस दारूपासून लांब राहतो. शोभाताईंच्या संस्थेत त्या गोळ्या कुटून कागदाच्या पुड्या बांधत आणि बायकांना देत. बाईनं ती नवऱ्याला न सांगता भाजीत, वरणात घालायची. लातूरला मोठा मेळावा ठरला होता. तिथं नव्या गावांतल्या बायकांना पुड्या वाटायच्या होत्या आणि माझ्या पुस्तिकेची घोषणा व्हायची होती.

नांदेड

पहिल्याच दुपारी संस्थेचं हळदीकुंकू होतं. आमच्याकडे हळदीकुंकू म्हणजे वाण लुटायचं, उखाणे घ्यायचे आणि कुणाची साडी कशी आहे ते बघायचं. इथं मात्र वेगळंच होतं. ज्यांच्या नवऱ्यांची दारू सुटली, त्या बायका एकेक करून माईकसमोर येत होत्या. एकीनं उखाणा घेतला:

"गोदावरीच्या काठी हिरवं हिरवं रान,
माधवरावांनी सोडली बाटली, वाढला माझा मान!"

टाळ्यांनी सभागृह दणाणलं. दुसरीला बोलताच येईना. ती नुसती रडली आणि शोभाताईंच्या पाया पडली. शोभाताईंनी तिला उठवून मिठी मारली. साठीच्या, धिप्पाड, आवाजात जरब असलेल्या बाई. लहानपणी बापानं दारूच्या नशेत आईला चुलीत लोटलेलं त्यांनी पाहिलंय. त्या माईकवर बोलायला लागल्या, की समोरच्या बाईला वाटतं, आता आपल्याला कुणी हात लावू शकत नाही. मी मागच्या ओळीत बसून पुस्तिकेची पहिली वाक्यं मनात जुळवत होते.

माझ्या शेजारी प्रज्ञा बसली होती. ती लातूरच्या एका कॉलेजात समाजकार्य शिकवते, घर मात्र नांदेडचंच. करंडा घेतलेली एक बाई तिच्यापुढे आली, तेव्हा प्रज्ञानं हात जोडून कुंकू नाकारलं आणि तिळगूळ घेतला. "आमच्यात नसतंय हे, मावशी. तिळगूळ द्या अजून थोडा." ती मावशी हसली आणि तिनं मूठभर दिला.

कार्यक्रम संपल्यावर शोभाताईंनी तिला हाक मारली. "प्रज्ञा, तू फक्त एक ओळ लिहून दे. 'संशोधनानं सिद्ध झालेला उपाय.' मुखपृष्ठावर टाकू."

"कशावरून लिहू, ताई?"

"कशावरून म्हंजे? बाया बोलल्या की आत्ता. कान न्हाईत का तुला?"

"बोलल्या त्या ऐकल्या. पण ज्यांनी पुड्या नेल्या आणि आज आल्या न्हाईत, त्या कुठं हायत?"

"तुरी काढायल्यात. सुगी हाय. गरज सरली की कोण येतंय नांदेडला, गाडीभाडं खर्चून?"

"मी उद्या जाऊन विचारून येते."

"जा. पर जल्दी ये. परवा लातूरचा मेळावा हाय, माझा जीव नको खाऊ."

संध्याकाळी गुरुद्वाराच्या लंगरात आम्ही दोघी जेवायला बसलो. हे मला फार आवडलं. तुम्ही कोण, कुठल्या, हे न विचारता ताटात गरम रोटी पडत होती. पण प्रज्ञाचा मला राग आला होता आणि तो मी रोटीबरोबर गिळला नाही.

"तुझं मोजून होईपर्यंत बायकांनी मार खात बसायचं का?"

"मोजायला कुठं चालले मी? विचारायला चालले."

"तेच ते. शंका घेणाऱ्यांनी आजवर एकतरी दारूचं दुकान बंद केलंय?"

"दुकान बंद करणं वेगळं," ती शांतपणे म्हणाली. "दुकानाला रक्तदाब नसतो. माणसाला असतो. ही गोळी द्यायच्या आधी डॉक्टर माणूस तपासतेत, त्याला सांगतेत. आपण कुणाला तपासलं?"

"म्हणजे शोभाताई खोट्या?"

"खोट्या न्हाईत. म्हणून तर भ्याव वाटतंय."

मी उरलेली डाळ संपवली. तिच्याबरोबर जायचं ठरवलं, ते तिचा वाद मोडायला पुरावा मिळेल म्हणून.

लोहा तालुका

सकाळी प्रज्ञाच्या जुन्या गाडीतून निघालो. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना ज्वारी निसवली होती. एका शेतात आगटी पेटवून हुरडा भाजत होते. प्रज्ञानं गाडी थांबवली, तिथल्या काकांना हाक मारली आणि ओंजळभर गरम हुरडा आणला. सोबत शेंगदाण्याची तिखट चटणी होती. आमच्याकडे हुरड्याबरोबर गूळ देतात, इथं तिखटच. डोळ्यांतून पाणी आलं तरी हात थांबेना. तेवढ्या वेळात आम्ही भांडलो नाही.

पहिल्या घराला कुलूप होतं. माणसं ऊस तोडायला गेलेली. दुसऱ्या गावात मात्र मला हवा तो पुरावा मिळाला. तुरीच्या राशीवर बसलेली एक बाई आम्हाला बघून हसत उठली. "हाव, पुडी चालू हाय की. दोनदा उलटी झाली न् सुटली त्याची. आले न्हाई मी, ह्या तुरी कोण झोडपावं?" तिनं चहा केला, मुठी भरून ओल्या शेंगा दिल्या. नवरा बैलाला पाणी पाजत होता, चांगला ताठ.

गाडीत बसल्याबरोबर मी म्हणाले, "बघ!"

"बघितलं," प्रज्ञा म्हणाली. "लई बरं वाटलं. खरंच." ती खोटं बोलत नव्हती. मला जरा लाज वाटली.

तिसरं घर गावाच्या कडेला होतं. अंगणात एक म्हातारी सूप घेऊन बसलेली आणि तिच्याजवळ तिची तिशीतली सून तुरीचा भुसा काढत होती. सुनेचं नाव लक्ष्मी म्हणू. आम्ही संस्थेकडून आलो म्हटल्यावर ती उठली, पदर सावरून तिनं पाण्याचा तांब्या पुढे केला. मी आदल्या दिवसाच्या उत्साहात होते. आल्या आल्या बोलून गेले, "अहो, काल हळदीकुंकवाला का नाही आलात? सगळ्या आल्या होत्या."

लक्ष्मीचा हात तांब्यावरच थांबला. तेव्हा मी तिच्या कपाळाकडे पाहिलं.

म्हातारी सुपातली तूर पाखडत राहिली. वर न बघता म्हणाली, "रांडमुंड बाईला कोण बोलवावं माय कुंकवाला?"

मी प्रज्ञाकडे पाहिलं, ती लक्ष्मीकडे बघत होती. दोघींच्या मनात एकच गोष्ट आली असणार. शोभाताईंनी आपल्या कामाचं यश मोजायला हळदीकुंकू निवडलं होतं. ज्या बाईचा नवरा दारू सोडून सुधारला, ती कुंकू लावून येणार आणि माईकवर बोलणार. ज्या बाईचा नवरा मेला, तिला या महाराष्ट्रात हळदीकुंकवाचं आमंत्रणच जात नाही. संस्थेला वाईट बातमी कधी कळली नाही, कारण वाईट बातमी ज्या दारानं आली असती, ते दार रीतीनं आधीच लावून घेतलेलं होतं. आणि दारूमुक्तीबरोबर बाईच्या मुक्तीच्या गोष्टी करणाऱ्या आम्हा कुणाला ते दिसलं नव्हतं.

प्रज्ञा जमिनीवर बसली. "लक्ष्मीताई, काय झालं होतं ते सांगता का? नसंल सांगायचं तर नका सांगू."

लक्ष्मी बसली. "वारले. महिना बी झाला न्हाई अजून. छातीत कळ आली म्हणले."

"पुडी चालू होती?"

"हाव. भाजीत घालत होते मी. त्यांना ठावं नव्हतं. त्या दिवशी मित्राकडं बारसं होतं, तिथून पिऊन आले. तोंड असं लाल झालेलं, जसं कुणी थोबाडलंय. मग उलट्या चालू झाल्या."

"मग काय केलं?"

"काय करावं? ताईनं सांगितलं होतं की, उलटी झाली म्हंजे औषध लागू झालं समजायचं." तिचा आवाज बारीक झाला. "मी म्हणलं, होऊ दे. मी आतमधी भाकरी करत बसले. मला बरं वाटायलं होतं, बाई. वाटलं, आज सुटती. मग ह्यांचा आवाजच यायचा बंद झाला. गाडी बघून नांदेडला नेईस्तोवर..."

म्हातारीचं सूप थांबलं. तिला पुडीबद्दल हे पहिल्यांदा कळत होतं. लक्ष्मी आमच्या दोघींच्या चेहऱ्यांकडे आळीपाळीनं बघायला लागली आणि माझ्या चेहऱ्यावर तिला ज्याची भीती होती तेच दिसलं असावं.

"त्यानंच गेले का?"

मी तोंड उघडलं. प्रज्ञानं माझ्या मनगटावर हात ठेवला.

"मला म्हाईत न्हाई, लक्ष्मीताई. कुणी तपासलं न्हाई, त्यामुळं आता कुणालाच सांगता येणार न्हाई. दारूनं काळीज आधीच खराब झालेलं असंल. गोळीनंही झालं असंल. मला शंका हाय, एवढंच खरं. आणि अशी शंका असली की ते औषध दुसऱ्या कुणाला द्यायचं न्हाई."

लक्ष्मी ताडकन उभी राहिली. "दिलंय मी."

"कुणाला?"

"कविताला. धाकटी हाय माझी, अहमदपूरच्या पुढं दिलीया. तेराव्याला आली होती. दत्ता पाव्हणं लई पितेत, तिला मारतेत. राहिलेल्या पुड्या देले मी तिला. वाया कामून घालवावं म्हणलं. चारच दिवस झाले, चालू केली म्हणून निरोप आला..." ती थांबली. "आज त्यांच्या भावकीत कंदुरी हाय."

कंदुरी म्हणजे दर्ग्याला बोकड कापून भावकीला जेवण. इथं हिंदू घरांतही नवसाची कंदुरी होते. जेवणाआधी पुरुषांची बैठक बसते, हे वेगळं सांगायला नको. दुपारचं ऊन कलायला लागलं होतं.

"फोन लावा कविताला," मी म्हणाले.

"तिला कुठला फोन? घरात एकच हाय, तो पाव्हण्याच्या खिशात."

"मग तिला गाठून सांगू, आजपासून घालू नको म्हणून."

"त्यानं भागणार न्हाई," प्रज्ञा म्हणाली. "गोळी अंगात बरेच दिवस राहते. आज बंद केली तरी आजची दारू बाधतेच. दत्तालाच सांगावं लागंल."

आणि दत्ताला सांगायचं म्हणजे काय? तुझी बायको तुला चोरून औषध घालते, हे फोनवरून, प्यायला बसलेल्या माणसाला, भावकीच्या देखत सांगायचं. संध्याकाळी तो घरी गेल्यावर कविताचं काय होईल, हे त्या अंगणातल्या चौघींनाही कळत होतं. मी आयुष्यभर 'सत्य निर्भीडपणे सांगा' असं छापत आले. त्या क्षणी मी फोनकडे हातसुद्धा नेला नाही. प्रज्ञानं लक्ष्मीला विचारून दत्ताचा नंबर लावायला घेतला आणि तिचाही अंगठा थांबला.

लक्ष्मीनं तिच्या हातातून फोन घेतला. "मी बोलते."

पलीकडून ताशाचा आवाज आला, मग दत्ताचा. "कोण?"

"पाव्हणं, अक्का बोलायले."

"अरे वा! कामून आलं न्हाई अक्का? बोकड शिजायलंय हितं."

"पिलाव का तुम्ही?"

तो मोकळा हसला. "आत्ता तर बसलाव. कविताचं काम दिसतंय हे. तिनं लावायला लावलं का फोन?"

"कविताला काय बी म्हाईत न्हाई. नीट ऐका. तेराव्याला मी तुमच्यात शेंगदाण्याची चटणी पाठविले. त्यात दारू सुटायचं औषध हाय. मीच घातलं. त्याच्यावर दारू पिलं की माणूस दगावतंय. आमचं माणूस तसंच गेलं."

ताशा वाजत राहिला. मग दत्ता हळू आवाजात म्हणाला, "अक्का, तुम्ही मला इख घातलं?"

"घातलं. मारायचं तर हितं येऊन मला मारा. पर आज पिऊ नका, मी पाया पडते."

त्यानं एक शिवी दिली, ती मी इथं लिहीत नाही. फोन कट झाला. परत लावला तर बंद.

चटणी वगैरे काही नव्हती. सगळ्या पुड्या कवितानं स्वतःच्या हातानं घातल्या होत्या. लक्ष्मीनं तो सगळा दोष क्षणात स्वतःवर ओढून घेतला होता. तिनं फोन परत दिला, पायात चपला घातल्या. म्हातारी म्हणाली, "जा. ह्या तुरीचं मी बघते." मग सुपाकडे बघत हळूच म्हणाली, "मला सांगायचं होतं ग तू."

अहमदपूरच्या पुढं

रस्त्याचं वर्णन करायला मी रस्ता पाहिलाच नाही. मागच्या सीटवर लक्ष्मी दोन्ही हातांनी पुढची सीट धरून बसली होती आणि एकच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणत होती, "मी म्हणलं होतं, होऊ दे." प्रज्ञा गाडी पळवत होती. मी फोन लावत होते, तो लागत नव्हता.

दर्ग्यापाशी पोचलो तेव्हा ताशा थांबलेला होता. ओट्यावर माणसांचा घोळका होता. मध्ये दत्ता आडवा. चेहरा आणि मान तांबडीलाल, धाप लागलेली, शर्ट ओला. एक म्हातारे गृहस्थ त्याच्या तोंडात लिंबू पिळत होते. "जास्त झाली. झोपू द्या, उतरंल."

नंतर कळलं, फोन आला तेव्हा त्यानं एकच घोट घेतला होता. फोन ठेवल्यावर रागानं पेला भरून घेतला. बायकांच्या धमकीला भिऊन हात आवरायचा, तेही भावकीसमोर, हे त्याला जमलं नव्हतं.

लक्ष्मीला बघताच दत्ताचा थोरला भाऊ धावून आला. "हीच ती! इख घालून वर तोंड दाखवायला आली! धरा रे हिला!" चार-सहा जण पुढे झाले. लक्ष्मी मागे हटली नाही. मी तिच्यापुढे उभी राहिले.

प्रज्ञानं आवाज चढवला. कॉलेजात वर्ग शांत करतात तसा. "दादा! तिला धरायचं तर दवाखान्यात धरा. पळून जात न्हाई ती, माझ्या गाडीत बसणार हाय. आधी ह्याला उचला. लिंबानं उतरायचं न्हाई हे!"

"तुम्ही कोण?"

"मला हे औषध म्हाईत हाय. तुमाला हाय का?"

थोरल्यानं एकदा भावाकडे पाहिलं. दत्ताचे डोळे फिरायला लागले होते. त्यानं त्याला खांद्यावर घेतलं.

घोळक्याबाहेर हिरव्या साडीतली एक पोरगेलीशी बाई तोंडावर पदर दाबून उभी होती. ती कविता. लक्ष्मीनं तिचा दंड धरून तिला गाडीत ओढलं आणि कानाशी म्हणाली, "तू गप बस. तुला काय बी ठावं न्हाई."

तालुक्याच्या सरकारी दवाखान्यात ड्युटीवर तरुण डॉक्टरीणबाई होत्या. प्रज्ञानं दारातूनच गोळीचं नाव सांगितलं. त्या भराभर हाताखालच्यांना सूचना द्यायला लागल्या. रक्तदाब फार खाली गेला होता. सलाईन, ऑक्सिजन, छातीला तारा. आम्ही बाकावर बसलो. थोरला भाऊ लक्ष्मीच्या समोर उभा, नजर तिच्यावरून न हलवता. कुणी पाणीही मागितलं नाही.

बऱ्याच वेळानं डॉक्टर बाहेर आल्या. "आता ठीक आहे. आज इथंच राहू द्या." मग आमच्याकडे वळल्या. "औषध सांगितलंत म्हणून बरं झालं. अशी केस आली की घरचे फक्त 'प्यालाय' एवढंच सांगतात, आणि आम्ही अंधारात चाचपडतो. हे औषध वाईट नाही हो. मी स्वतः देते. पण माणसाला सांगून, तपासून, त्याची तयारी असेल तर. चोरून दिलं की तो सापळा होतो."

प्रज्ञा आत जाऊन दत्ताशेजारी स्टुलावर बसली. कविता तिच्या मागोमाग गेली. लक्ष्मीनं तिला अडवलं, पण ती बहिणीचा हात सोडवून आत गेली आणि तिनं नवऱ्याला खरं सांगितलं. चटणी नव्हती, अक्का नव्हती, मीच घालत होते. दारातून मला दत्ताचा चेहरा दिसत होता. तो छताकडे बघत होता. मग म्हणाला, "मला विचारलं असतं तर मी घेतलो नसतो. हे बी खरं हाय."

थोरला भाऊ बाहेर जाऊन पायरीवर बसला.

हे सगळं लिहायची परवानगी दोघी बहिणींनी आणि दत्तानं दिली आहे. सगळी नावं बदलली आहेत.

लातूर

दुसऱ्या दिवशी मेळाव्याआधी शोभाताईंना गाठलं. मंडपाच्या मागं, जिथं पुड्यांची खोकी रचून ठेवली होती. लक्ष्मी आमच्याबरोबर आली होती. मी सगळं सांगितलं. मला वाटलं होतं, ऐकल्यावर त्या मटकन खाली बसतील. त्या बसल्या नाहीत.

"एकाचं झालं म्हणून सगळ्या बायांना वाऱ्यावर सोडू?"

"एकाचं झालं हे आपल्याला कळलं, ताई," प्रज्ञा म्हणाली. "किती जणांचं झालं, ते कळायची वाटच आपण ठेवली न्हाई."

"मग काय देऊ मी त्यांना? तुझं संशोधन? बाई रात्री मार खाऊन माझ्या दारात येते, तिला सांगू का, नवऱ्याला घेऊन डॉक्टरकडं जा? येतो का तो नवरा?" त्यांचे डोळे भरले होते. "माझी आई जळाली तवा कुणी तपासून बघितलं न्हाई!"

प्रज्ञा म्हणाली, मेळाव्यातच डॉक्टर बोलावू, पुड्या नेलेल्या प्रत्येक घरी जाऊ, मार खाणाऱ्या बाईला राहायला जागा शोधू. तिनं हे सांगितलं तेव्हा ते तिलाही फार मोठं आणि फार हळू वाटत होतं, हे तिच्या आवाजावरून कळत होतं.

मी म्हणाले, "मी पुस्तिका लिहिणार नाही, ताई."

त्यांनी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. त्या लक्ष्मीकडे बघत होत्या. लक्ष्मी फक्त एवढंच म्हणाली, "उलटी झाली की औषध लागू झालं, असं तुम्ही सांगितलं होतं ताई." तिच्या आवाजात राग नव्हता. शोभाताईंनी पदरानं तोंड पुसलं आणि त्या स्टेजवर गेल्या.

मंडप भरलेला होता. त्यांनी माईक धरला. त्या म्हणाल्या, "बायांनो, आज पुड्या संपल्यात. आज मिळणार न्हाईत." आणि लगेच पुढचं भाषण सुरू केलं.

खोकी मागं तशीच रचलेली होती. त्या दिवशी एकही पुडी वाटली गेली नाही, ही शोभाताईंची हिंमत होती, आणि ती मी नाकारत नाही. पण का वाटली नाही, हे त्यांनी सांगितलं नाही. म्हणजे जी पुडी आधीच घराघरांत पोचली आहे, ती आज दुपारीही कुणाच्या तरी वरणात पडली असेल. त्या घरातल्या बाईला अजून वाटत असेल की, उलटी झाली तर आत जाऊन भाकरी करत बसायचं.

म्हणून पुस्तिकेच्या जागी हे लिहिलं आहे. माझी तुम्हाला एकच विनंती आहे. हे वाचून झालं की तुमच्या गल्लीतल्या, नात्यातल्या, तुमच्या घरी कामाला येणाऱ्या बायकांना विचारा, कुणी नवऱ्याला चोरून दारूचं औषध देतंय का. देत असेल तर ते नुसतं बंद करून गप्प बसू देऊ नका, ते अंगात बरेच दिवस राहतं. औषध आणि माणूस दोन्ही जवळच्या सरकारी दवाखान्यात न्या, आणि त्या माणसाला खरं सांगा. ती बाई सांगायला घाबरेल, आणि तिची भीती खरी असेल. तेव्हा तिला एकटीला बोलायला लावू नका. फोन तुमच्या हातात घ्या.